ब्रेकसर शर्यतीत उतरतात

ब्रेकसरांची आणि माझी पहिली भेट झाली, त्या दिवशी आम्ही दोघंही मरता मरता वाचलो. कशातून वाचलो, ते मला आजतागायत कळलेलं नाही. भर दुपार होती, रस्ता रिकामा होता, दुकानांची शटरं खाली होती. हालचाल करू शकेल असं आसपास एक मांजर तेवढं होतं आणि तेही फुटपाथवर पोट वर करून झोपलेलं. मी देवाचं नाव घेऊन किल्लीला हात लावला. किल्ली अजून फिरलीही नव्हती, तेवढ्यात शेजारच्या सीटखालून धाडकन आवाज झाला. सरांनी ब्रेक दाबला होता.

"पण सर, गाडी अजून सुरूच नाही झाली!"

"म्हणूनच वाचलास," सर कपाळावरचा घाम पुसत म्हणाले.

त्या पहिल्या तासात आम्ही एका चौकातून निघून जवळजवळ त्याच चौकापर्यंत पोचलो. एक म्हातारे गृहस्थ काठी टेकत आम्हाला ओव्हरटेक करून गेले, कोपऱ्यावरून पाव घेऊन परत आले आणि जाताना काचेशी वाकून "काय, अजून इथेच?" असं आपुलकीने विचारून गेले. सरांनी ब्रेक दाबला की माझी मान खाली जायची, सोडला की वर यायची. त्यामुळे तासाभरात शटरं उघडायला आलेले त्या रस्त्यावरचे दुकानदार पुढे कित्येक वर्षं मला अत्यंत नम्र माणूस समजत होते. बाजूने जाणाऱ्या प्रत्येकाला मी वाकून नमस्कार केला होता. मांजरालाही.

ज्यांनी ड्रायव्हिंग स्कूलचं तोंड पाहिलं नसेल त्यांच्यासाठी सांगतो. शिकवणीच्या गाडीत शिकवणाऱ्याच्या पायाशी एक जादा ब्रेक असतो. स्टेअरिंग शिकणाऱ्याच्या हातात आणि दोघांचा जीव शिकवणाऱ्याच्या पायात, अशी ती वाटणी. सरांनी उभं आयुष्य त्या शेजारच्या सीटवर काढलं. गवयाचा गळा, शिंप्याची बोटं, तसा सरांचा उजवा पाय. तो पाय सरांच्या डोक्याला विचारत नसे. समोर काही दिसलं की पाय आधी आपलं काम उरकायचा आणि मग सर डोळे बारीक करून, काय दिसलं ते बघायचे. गावभर त्यांना ब्रेकसर म्हणत. काहींना ते त्यांचं आडनावच वाटे.

सर स्वतः विद्यार्थ्यांना त्यांच्या दोषांवरून हाक मारत. माझा डावा पाय कायम अर्धवट अडकलेला, म्हणून मी 'क्लच'. माझ्या बॅचला एक 'रिव्हर्स' होता आणि एक 'इंडिकेटर' नावाच्या बाई होत्या, त्या आता न्यायाधीश झाल्या आहेत, पण सर रस्त्यात भेटले की "काय इंडिकेटर, कुठल्या बाजूला?" असंच विचारतात. कौतुक हा प्रकार सरांच्या शिकवणीत नव्हता. गाडी अगदी लोण्यासारखी चालवली, तर ते खिडकीबाहेर बघत "हं" करायचे.

पुढे योगायोगाने मी त्यांच्याच इमारतीत, बरोबर त्यांच्या वरच्या घरात राहायला आलो. तोवर सरांच्या गुडघ्याने राजीनामा दिला होता. डॉक्टरांनी स्कूल बंद करायला लावली. गाडी विकली, पाटी उतरवली. पण पायाला निवृत्तीचं कुणी कळवलंच नाही! सर सोफ्यावर बसलेले असायचे आणि त्यांच्या पत्नी, आमच्या काकू, चहा ओतत असायच्या. चहा कपाच्या काठापाशी आला की धप्! टीव्हीवर बातम्या देणारी मुलगी जरा भरभर बोलायला लागली की धप्! सोफ्यासमोरच्या सतरंजीला नेमकं उजव्या टाचेखाली भोक पडलं होतं. काकूंबरोबर बाजारात निघाले की दर दहा पावलांवर सर जागच्या जागी थांबायचे.

"अहो, मी चालतेय. गाडी नाही चालवत," काकू मागे वळून म्हणायच्या.

"पुढे ओलं आहे."

"ओलं आहे म्हणूनच लवकर पलीकडे जाऊ या ना!"

काकूंची तऱ्हा याच्या अगदी उलट. चालणं भरभर, बोलणं भरभर, हातातल्या विणकामाच्या सुया तर इतक्या भरभर की स्वेटरला विचार करायला वेळ मिळू नये. घरची छोटी गाडी त्याच चालवत. ते चालवणं त्या शिकल्या सरांच्या स्कूलसमोरच्या, रस्त्यापलीकडच्या स्कूलमध्ये. लग्नानंतर दुसऱ्याच वर्षी. सरांच्या आयुष्यातला हा सगळ्यांत मोठा घाव. त्याबद्दल कुणी विचारलं की काकू म्हणायच्या, "यांच्याकडे शिकले असते तर अजून पहिल्या चौकातच असते. क्लचला विचारा."

मी नम्रपणे मान हलवायचो. सवय होतीच.

या दोघांची एकुलती एक लेक, ठकी. ती दूरच्या शहरात एका कंपनीत होती. ही कंपनी कॉम्प्युटरवरच्या मोटारशर्यतीचा एक खेळ चालवायची. खेळ तसा जुनापुराणा, पण त्याचे चाहते जगभर होते आणि ते त्याला सोडायला तयार नव्हते. त्यामुळे कंपनी नवा खेळ काढण्याऐवजी त्या जुन्यालाच दर काही महिन्यांनी नवं अपडेट द्यायची. राहत्या घरात एकेक काम काढावं तसं. आज वायरिंग, उद्या फरशी, परवा खिडक्या. राहणाऱ्याने घर न सोडता सकाळी उठून फक्त बघायचं, की अरे, आज उजेड जास्त दिसतोय. ठकीचं काम या दुरुस्तीतलंच. रस्ता, उजेड आणि पाऊस तिच्याकडे.

बाबांच्या पायाचे हाल फोनवर ऐकून ठकीने स्टेअरिंग, पेडल आणि आपला कॉलेजातला जुना कॉम्प्युटर पाठवून दिला.

"खेळ? या वयात?" सर म्हणाले.

"खेळ नाही बाबा. सिम्युलेटर."

सिम्युलेटर म्हटल्यावर सरांनी आत जाऊन शर्ट बदलला.

पहिल्या बैठकीला मी हजर होतो. सरांनी खुर्ची पुढे घेतली, मागे घेतली, पुन्हा पुढे घेतली. सीटबेल्ट नाही म्हणून नाराजी नोंदवली. इंडिकेटर सापडेना म्हणून वळताना बैठकीच्या खोलीच्या खिडकीतून हात बाहेर काढला. खालच्या भाजीवाल्याला वाटलं, बोलावताहेत. दिवे लाल झाले, हिरवे झाले, आणि वीसपैकी एकोणीस गाड्या गोळी सुटावी तशा सुटल्या. विसावी जागच्या जागी.

"सर, हिरवा झाला."

"जाऊ देत त्यांना. घाई असेल एखाद्याला."

मग त्यांनी मागे पाहिलं, आरशात पाहिलं, पुन्हा मागे, म्हणजे काकूंकडे पाहिलं आणि ते निघाले. दुसरं वळण यायच्या आत पडद्यावर काळा झेंडा फडकला. फार हळू चालवणाऱ्याला हा खेळ शर्यतीतून बाहेर काढतो. सरांनी स्टेअरिंगवरचे हात काढून मांडीवर ठेवले.

"काढलं मला."

"कशाबद्दल हो?" काकूंनी सुया न थांबवता विचारलं.

"नियम पाळल्याबद्दल."

पण हळूहळू सरांना गोडी लागली. त्याचं कारण असं की त्या खेळाचं रूप तेव्हा अगदीच बाळबोध होतं. झाडं पुठ्ठ्याची, बाजूने गेलं की पापडासारखी पातळ दिसायची. ढग एका जागी खिळलेले. प्रेक्षक म्हणजे लाल टोपीवाला एकच माणूस शेकडो वेळा छापलेला. त्याने हात वर केला की सगळ्या गर्दीचा हात वर. रस्ता म्हणजे राखाडी पट्टा. "सगळं खोटंच तर आहे," असं म्हणत सर जरा मोकळे झाले. पाय शांत राहू लागला. अधूनमधून तर ते विसावे न येता अठरावे येऊ लागले. त्या आनंदात त्यांनी आठवड्याभरात पेडलांचा पहिला संच वाकवला आणि ठकीने दुसरा पाठवला.

मग अपडेट यायला लागली आणि सरांचं बस्तान बिघडलं.

पहिल्या अपडेटमध्ये सावल्या आल्या. आधी सगळ्या गाड्या भुतांसारख्या बिनसावलीच्या धावायच्या. आता दुपार कलली की झाडांच्या लांब सावल्या रस्त्यावर आडव्या पडू लागल्या. सरांनी पहिली सावली पाहिली आणि धप्! त्यांना वाटलं, रस्त्यात कुणी ओंडका टाकलाय. दुसऱ्या अपडेटमध्ये गर्दीतल्या माणसांना आपापले चेहरे मिळाले. कुणी पाणी पितंय, कुणी खांद्यावरचं मूल सावरतंय, एक हिरव्या छत्रीवाल्या बाई कठड्याशी वाकून बघताहेत. सरांनी त्या बाईंसमोर गाडी पूर्ण थांबवली.

"अहो, थांबलात का?"

"त्या बाईंना ओलांडायचंय बहुतेक."

"त्या चित्रातल्या आहेत!"

"ते तुला माहीत. त्यांना कुठे माहीत आहे?"

मागून आलेल्या अकरा गाड्या सरांवर आदळल्या. मग रविवारी ठकीचा फोन आला की तक्रारींचा पाढा सुरू व्हायचा. "तुमच्या शर्यतीत एकही गतिरोधक नाही. एवढी माणसं जमवता आणि झेब्रा क्रॉसिंग नाही. आरशात बघावं तर मागची गाडी दिसायच्या ऐवजी आभाळ दिसतं. आभाळ काय ओव्हरटेक करणार आहे?" ठकी हसत सगळं ऐकून घ्यायची. आरशाचं तिने खरंच कानावर घेतलं आणि पुढच्या अपडेटमध्ये आरशात गाड्या दिसू लागल्या. परिणाम एवढाच, की सर आता मागच्या गाड्यांसाठीही ब्रेक दाबू लागले.

एका रविवारी माझ्यासमोरच ठकीने फोनवर विचारलं, "आई, नवीन ओला रस्ता टाकलाय. बाबांनी बघितला का? काही म्हणाले?"

"म्हणतायत कशाला! पहिल्या डबक्यापाशी जो ब्रेक दाबला, तो अजून सोडलेला नाही."

पलीकडून आनंदाची किंकाळी आली. ठकीला तेव्हा गोम कळली होती. ऑफिसात लोक तिच्या कामाला ताऱ्यांमध्ये गुण द्यायचे, आलेख काढायचे, पण तिला त्यातलं काही पटायचं नाही. बाबांच्या पायावर तिचा भरवसा बसला. पुठ्ठ्याच्या झाडाला तो पाय हलत नाही, आणि खऱ्यासारखं खरं दिसलं की राहत नाही. बाबांनी ब्रेक दाबला की समजायचं, चित्र जमलं.

थोडक्यात, लेक जितकी हुशार होत गेली, तितका बाप शर्यतीत मागे पडत गेला.

आता या सुंदरपणाची दुसरी बाजू. पडद्यावर गाडी पळते म्हणजे काही पळत नसते. कॉम्प्युटर सेकंदाला पन्नास-साठ चित्रं काढून एकामागून एक दाखवतो आणि आपल्याला वाटतं, पळाली. चित्रं साधी असली की तो पटापट काढतो. त्यात डबकी आली, डबक्यात दिवे आले, दिव्यांत पाऊस आला, की बिचारा प्रत्येक चित्रावर रेंगाळतो. चित्रं कमी पडतात आणि गाडीला उचकी लागते. ओल्या रस्त्याचं अपडेट आल्यावर सरांचा जुना कॉम्प्युटर दम्याच्या पेशंटसारखा घरघर करू लागला. गाडी थांबत, उसळत, थांबत चालायची. नाकापेक्षा मोती जड झाला होता. सरांची मात्र तक्रार नव्हती. "आत्ता बरोबर चालतेय," ते म्हणाले. "नवशिकी माणसं अशीच चालवतात."

ठकीला ते खपेना. जुन्या मशिनवाले हजारो लोक या उचकीने बेजार झाले होते. तिने दोन वर्षं खपून एक मोठं अपडेट तयार केलं. त्यात खेळ दिसायला नवा होता आणि चालायला हलका. युक्ती काय, ते तिने फोनवर समजावून सांगितलं. लांबचं झाड जाड रेघेत काढायचं, जवळ आलं की पानं काढायची. आरशात दिसतं ते अर्ध्याच मेहनतीत उरकायचं. जे दिसणारच नाही, ते काढायचंच नाही.

"म्हणजे स्वेटरच्या आतल्या बाजूला कुणी नक्षी काढत नाही, तसं," काकू म्हणाल्या.

"आई, दोन वर्षांत मला हे ऑफिसात एका वाक्यात सांगता आलं नाही."

ऑफिसात तिला एक प्रतिस्पर्धी होता. त्याला घरात सगळे 'दाढीवाला' म्हणत. त्यानेही एक अपडेट केलं होतं. त्यात पावसाचा प्रत्येक थेंब सुटा होता आणि प्रत्येक थेंबात अख्खी शर्यत उलटी दिसायची. दिसायला अप्रतिम; फक्त ते चालवायला मशीन असं लागायचं, की घरात एकतर ते राहील किंवा आपण. ठकीचं आणि त्याचं, या दोन अपडेटांतलं एकच बाहेर जाणार होतं. मीटिंगमध्ये दाढीवाल्याने ठकीला डिवचलं, की हलकं हलकं म्हणतेस, पण गर्दीत, पावसात टिकेल का? आणि ठकी, आईचीच लेक, ताडकन बोलून गेली, "माझ्या बाबांच्या कॉम्प्युटरवरसुद्धा पळेल!"

"मग बाबांनाच उतरव की," दाढीवाला म्हणाला.

साहेबांना कल्पना भारी आवडली. ठरलं असं: शनिवारी दुपारी वीस गाड्यांची शर्यत, भर पावसात. त्यातली एक गाडी सरांच्या घरच्या कॉम्प्युटरवरून. तिने गर्दीत राहून शर्यत पुरी करायची आणि मशिनने कुठेही उचकी द्यायची नाही. जमलं तर ठकीचं अपडेट जगभर जाणार. नाही जमलं तर दाढीवाल्याचं, आणि ठकीची रवानगी मेनूतल्या बटणांचे रंग ठरवणाऱ्या विभागात.

याला म्हणतात हात दाखवून अवलक्षण. कारण मशीन पास होईल याची ठकीला खात्री होती, चालकाचं काय? शर्यत पुरी करायची तर काळा झेंडा चुकवायला हवा. झेंडा चुकवायचा तर वेग हवा. आणि हे नवं अपडेट तर असं देखणं झालं होतं, की सरावासाठी ते टाकल्यावर सर सुरुवातीच्या रेघेवरच ब्रेक दाबून बसले. काचेवरून पाणी ओघळत होतं, वायपर हलत होते, पुढच्या गाड्यांचे लाल दिवे ओल्या रस्त्यात लांबट होऊन थरथरत होते.

"अहो, निघा ना!"

"अशा पावसात कुणी निघतं का? थांबेल आता."

"तो थांबणार नाही! तुमच्या मुलीने पाडलाय तो!"

काळा झेंडा. पुन्हा प्रयत्न, पुन्हा काळा झेंडा. पालथ्या घड्यावर ठकीचा पाऊस. बुधवारी सर इतके खचले की काकू चहा ओतत असताना पायही हलला नाही. चहा कप भरून बशीत, बशीतून सतरंजीवर गेला.

गुरुवारी खाली दूधवाल्याने हाक मारली म्हणून सर उठले. काकूंनी विणकाम बाजूला ठेवलं, पदर खोचला आणि त्या खुर्चीवर बसल्या. मी दारातच उभा होतो. दिवा हिरवा झाला आणि समोरच्या स्कूलची विद्यार्थिनी अशी काही सुटली, की टेबलावरचा लोकरीचा गुंडा घरंगळत स्वयंपाकघरात गेला. तीन गाड्यांच्या मधून, डबकं उडवून, हिरव्या छत्रीवाल्या बाईंना "सरका हो बाई!" म्हणत काकूंनी पहिली फेरी पुरी केली.

सर दुधाची पिशवी घेऊन दारात खिळून उभे राहिले. मला वाटलं, आता यांच्या तळपायाची आग मस्तकात जाणार. आणि यांचा तळपाय म्हणजे काही साधासुधा नव्हे. पण ते हळूच आले, काकूंच्या शेजारी स्टूल ओढून बसले आणि पाठ ताठ करून समोर बघू लागले. पहिल्याच वळणावर धप्! फरशीवर.

"या बाजूला ब्रेक नाही," सर म्हणाले. "ब्रेक नसेल तर मी शेजारी बसणार नाही. आणि मी शेजारी नसेन तर तू पावसात जाणार नाहीस."

ठकीला फोन गेला. आईने चालवलं तर चालेल का?

"न चालायला काय झालं? परीक्षा मशिनची आहे, माणसाची नाही."

"तुझ्या बाबांना त्यांचा वेगळा ब्रेक हवाय म्हणे."

ठकी खो खो हसत सुटली. संध्याकाळपर्यंत तिने अपडेटमध्ये चार ओळी घातल्या आणि सरांनी वाकवलेला पेडलांचा तो पहिला संचही जोडता येऊ लागला. शर्यतीच्या खेळात शिकवणाऱ्याचा ब्रेक! माझ्या माहितीत असा खेळ दुसरा नाही, आणि तो नाही याचं कारण शुक्रवारी सगळ्यांना कळलं. काकू पळवायच्या, सर थांबवायचे. एका गाडीला दोन हात, तीन पाय आणि दोन मतं.

"तुम्ही मध्ये पाय घालू नका!"

"तू वळणावर हळू कर, मी नाही घालत."

"मी हळूच करत होते!"

"माझ्या पायाने केलंस ते!"

शुक्रवारचा दिवसभराचा हिशेब: सगळे काळे झेंडे. रात्री वरच्या घरातही मला ऐकू येत होतं, की खाली कुणी कुणाशी बोलत नाहीये.

शनिवारी दुपारी मी खाली गेलो. फोन स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला होता. त्यातून ठकी, तिचे साहेब आणि अधूनमधून दाढीवाल्याचा खोकला ऐकू येत होता. काकू स्टेअरिंगवर. सर इस्त्रीचा शर्ट घालून स्टुलावर, वाकलेल्या पेडलवर पाय ठेवून. पडद्यावर पाऊस कोसळत होता. दिवे लागायला मिनिटभर उरलं असताना सर माझ्याकडे वळले.

"क्लच, टेबलाखाली वाक. दोन वायरी आहेत. यातली माझी काढ."

"सर?"

"काढ म्हणतो ना."

काकूंनी मान वळवली. "अहो, असू दे. मी सांभाळून घेईन."

"पाय काही थांबणार नाही," सर समोर बघतच म्हणाले. "निदान गाडी तरी थांबू नये."

मी वायर काढली. सरांनी मेलेल्या पेडलवर पाय ठेवला, पाठ ताठ केली. दिवा हिरवा झाला.

त्या शर्यतीचं वर्णन मला करता येणार नाही, कारण मी अर्धा वेळ कॉम्प्युटरला पुठ्ठ्याने वारा घालत होतो. पण एवढं सांगतो, की गाड्यांचा थवा एका वळणात शिरला, पाण्याचे पडदे उडाले, समोरचं काही दिसेना, आणि पडद्यावरचं चित्र लोण्यात सुरी जावी तसं गेलं. एक उचकी नाही. जुनं खोकं घुमत होतं, तापत होतं, पण चित्रामागून चित्र ओतत होतं. आणि शेजारी सरांचा पाय! पहिल्या वळणाला धप्, डबक्याला धप्, सावलीला धप्, लाल दिव्यांना धप् धप् धप्. वाकलेलं पेडल फरशीवर आपटून थाळीसारखं वाजत होतं.

"हळू! अगं हळू! उजवीकडचा वेडा आहे! ओलं, ओलं, ओलं!"

"दाबा, हवा तेवढा दाबा," काकू म्हणाल्या आणि त्यांनी आणखी एक गाडी मागे टाकली.

"कसला आवाज आहे तो?" फोनमधून साहेबांनी विचारलं. "मशीनमध्ये काही बिघाड?"

"नाही, नाही," ठकी म्हणाली. "ते बाबा आहेत. छान चाललंय."

शेवटच्या फेरीत घात झाला. पुढच्या दोन गाड्या एकमेकींवर घसरल्या आणि रस्त्यात आडव्या झाल्या. काकूंनी स्टेअरिंग गर्रकन फिरवलं, गाडी गवतात गेली, चिखलात रुतली, कशीबशी बाहेर आली. तेवढ्यात त्या दोघींसकट बाकीचे सगळे निघून गेले. पडद्याच्या कोपऱ्यात पिवळी पाटी चमकू लागली: वेग फार कमी. पुढची पाटी काळ्या झेंड्याची. आणि वळणावर काकूंनी, हो, काकूंनी, स्वतःहून ब्रेक दाबला.

आणि सर ओरडले, "पळव!"

काकूंनी समोरची नजर काढून सरांकडे पाहिलं. गाडीचालकाने ते कधीही करू नये.

"काय म्हणालात?"

"पळव म्हणतो! बघतेस काय, पळव! रस्ता मोकळा आहे! सोड तो ब्रेक, पळव!" असं म्हणताना सरांचा स्वतःचा उजवा पाय ब्रेकवर पार तळाशी टेकला होता. ओरडणाऱ्या तोंडाला पाय दाद देत नव्हता आणि पायाला गाडी दाद देत नव्हती. काकूंनी दात आवळले. पिवळी पाटी विझली. ओल्या रस्त्यावरून, कठड्यावरच्या सगळ्या चेहऱ्यांसमोरून, गाडीने शेवटची रेघ ओलांडली.

फोनमध्ये ठकी रडत होती की हसत होती, ते समजलं नाही. साहेब म्हणाले, "एकही चित्र चुकलं नाही." दाढीवाला खोकला. सरांनी रुमालाने कपाळ पुसलं आणि दोन्ही हातांनी उजवा पाय उचलून पेडलवरून खाली ठेवला.

काकू एकोणिसाव्या आल्या. विसाव्या गाडीचा मालक सुरुवातीलाच फोन आला म्हणून उठून गेला होता.

पुढच्या आठवड्यात ठकीचं अपडेट जगभर गेलं. सात महिन्यांनी त्याच्या जागी दाढीवाल्याचं आलं. ते सरांच्या कॉम्प्युटरवर चालत नाही.